पडद्यातला सावकार

विनय : नाही म्हणजे काय, आई? दुपारी कीर्तन आहे. हा पडदा आता गाडीत जायला हवा.

सरला : जाऊ दे की. मी कुठं अडवलाय? त्याच्यापुढे मी उभी राहणार नाही, एवढंच म्हटलं.

विनय : अहो, पण कीर्तनाच्या मागे लावायलाच तर तो केलाय. तुम्ही पुढे नसाल तर मागे लावून काय करू?

रेणू : बाबा, आवाज. गॅरेजचं दार उघडं आहे.

विनय : मी आवाज चढवलेला नाही. महिनाभर माझं गॅरेज या पडद्यानं अडवलंय, गाडी बाहेर पावसात. रोज ऑफिसातून आलो की आधी रंगाचे डबे ओलांडायचे, मग घरात शिरायचं. एक शब्द बोललो मी? सुवर्णा तिकडे शाळेत सकाळपासून शिऱ्याचं पातेलं ढवळतेय. आणि आता, आता तिची आई म्हणते, उभी राहणार नाही.

सरला : विनयराव, मी पडदा आज पहिल्यांदा पाहिला. एरवी रेणूनं त्यावर चादर टाकलेली असायची. गणपती फार सुरेख काढलायस गं बाई. सोंडेचं वळण, डोळ्यांतली ती ममता. बघताक्षणी हात जोडले गेले माझे. पण मग डावीकडे नजर गेली. त्याच्या शेजारी हा कोण उभा?

विनय : तो गिरीश. तुम्ही ओळखता त्याला. परवा जेवायला आला होता की. लोकांना घरासाठी कर्ज मिळवून देतो, त्याचं ऑफिस आहे वूस्टरला.

सरला : ओळखते. म्हणून तर विचारलं. परवा जेवायला आला त्याला टक्कल होतं.

रेणू : फोटो त्याच्या ऑफिसच्या ब्रोशरमधला आहे, आजी. टेन इयर्स ओल्ड. बाबानेच दिला.

विनय : तोच दे म्हणाला तो. मी काय करू?

सरला : केसांचं सोडा. केस काय, आज आहेत उद्या नाहीत. हात बघा त्याचे. छातीवर घडी घातलेले. अंगात कोट, हनुवटी वर. देवाच्या शेजारी असा उभा, जसं काही गणपती याच्याकडे कर्जाला आलाय.

रेणू : मी सांगितलं होतं. बाबा, आय टोल्ड यू. हात वेगळे काढू का, असं विचारलं होतं. तू म्हणालास, आहे तस्संच काढ.

विनय : कारण तसंच त्याला दाखवलं होतं. ईमेलवर फोटो गेला, तो खूश झाला, त्याने याहू ग्रुपवर टाकला, नाशिकला त्याच्या आईवडिलांना पाठवला. आता आयत्या वेळी कुठले हात बदलताय?

सरला : मला आधी हे सांगा, देवाच्या चित्रात माणूस उभा करायचं निघालं कुणाच्या डोक्यातून?

विनय : रेणूच्या.

रेणू : एक्सक्यूज मी?

विनय : तूच सांगितलं होतंस. तुझ्या त्या थीसिसमधलं. इटलीतलं ते सावकार घराणं, मेडिची. बँक चालवायचे, गाव चालवायचे, चित्रकारांना पोसायचे. आणि देवाच्या चित्रात आपले चेहरे काढून घ्यायचे. मी म्हटलं, वा, काय कल्पना आहे. ज्याने आपल्या इथल्या मराठी मंडळासाठी एवढं केलं त्याला आपण दुसरं काय देणार? शाली त्याच्याकडे ढीगभर आहेत.

रेणू : बाबा, तू तेव्हा डेकवर कणसं भाजत होतास आणि मध्ये मध्ये आत जाऊन मॅच बघत होतास. यू हर्ड हाफ.

विनय : मग उरलेलं अर्धं काय होतं?

रेणू : ते उभे नव्हते. म्हणजे एक-दोघं होते, मागे, क्राउडमध्ये. पण मेन माणूस, कोझिमो, म्हणजे ज्याने सगळं मोठं केलं तो, ही इज ऑन हिज नीज. तीन राजे बाळ येशूला बघायला येतात ना, त्यांतला सगळ्यात म्हातारा राजा म्हणजे तो. गुडघे टेकलेत आणि बाळाचे पाय हातात घेतलेत. आणि ते चित्र काढलं तेव्हा तो जिवंत पण नव्हता.

सरला : ऐकलंत? मेल्यावरही गुडघ्यावर.

विनय : आई, हे तुम्हाला आधीपासून माहीत होतं?

सरला : मला का माहीत नसणार? आल्यापासून रोज दुपारी रेणू सांगते आणि मी ऐकते. मी तर आजचं आख्यानच ते घेतलंय.

विनय : कुठलं ते?

सरला : सावकाराचं.

विनय : नाही. नाही नाही. आई, गणेशोत्सव आहे. लोक मुलांना घेऊन येणार आहेत. तुम्ही ध्रुवाचं करणार होतात. फ्लायरवर ध्रुव छापलाय.

सरला : ध्रुव मी परकराच्या वयापासून सांगत आलेय. ध्रुवाला सुद्धा आता कंटाळा आला असेल. आणि इथली अमेरिकेतली मुलं, त्यांना बापाची मांडी मिळाली नाही याचं दुःख सांगायचं म्हणजे... इथं प्रत्येकाला वेगळी खोली आहे. पण सावकार त्यांना कळेल. दर घरात कर्जाचीच भाषा चाललेली असते.

विनय : तेच म्हणतोय मी. तेच. समोर पहिल्या रांगेत गिरीश बसणार, मागे पडद्यावर गिरीश उभा, आणि मध्ये तुम्ही चिपळ्या घेऊन सांगणार सावकाराची गोष्ट. त्याला काय वाटेल?

सरला : गोष्ट ऐकली म्हणजे कळेल त्याला. ऐका तर खरं, तालीमच होईल माझी. रेणू, चुकले तर सांग. तर मंडळी, बरं का, फार लांब, इटली देशात एक फुलांच्या नावाचं गाव होतं. तिथं राजा नव्हता. पंचायत होती. चिठ्ठ्या टाकून कारभारी निवडायचे, दोन महिने झाले की उतरायचे. किती छान. पण त्या गावात एक सावकार होता. तो काही सिंहासनावर बसला नाही. पायात साधे जोडे, गाढवावरून... गाढव की खेचर गं?

रेणू : खेचर. म्यूल.

सरला : खेचरावरून हिंडायचा. रस्त्यात म्हातारा माणूस भेटला की त्याला वाट द्यायचा. पण चिठ्ठ्यांच्या पिशवीत नावं कुणाची पडायची? याला हवी त्यांची. पंचायत ठराव करायची चावडीवर, पण त्याआधी माणूस धावायचा याच्या घरी, विचारायला, करू का म्हणून. म्हणून मी एक बांधलंय,
फुलांचिया गावी, सावकार थोर,
सिंहासनावर बसेना तो...

विनय : ही तर आपली कमिटी झाली.

सरला : काय म्हणालात?

विनय : काही नाही. आम्ही ठराव करतो आणि त्याआधी गिरीशला फोन करतो. पुढे काय होतं?

सरला : पुढे गावाला याची भीती वाटली आणि गावानं याला हाकलून दिलं. पण वर्ष सरतंय तोवर परत बोलावलं. अहो, निम्मं गाव याच्या पैशावर चाललेलं, करतील काय? तो परत आला तो मरेपर्यंत हलला नाही. आता सगळं झालं, पैसा झाला, मान झाला. पण मनाला टोचणी. त्यांच्या धर्मात व्याज घेणं पाप होतं, आणि याचं तर घरच व्याजावर उभं. मग तो त्यांच्या सगळ्यात मोठ्या धर्मगुरूंना भेटला, विचारलं, महाराज, मी काय करू? ते म्हणाले, तो मोडकळीला आलेला मठ आहे ना, तो बांधून दे. यानं बांधला. दर खोलीत एका साधुपुरुषाकडून चित्र काढवलं. आणि त्या मठात याने स्वतःसाठी एक खोली ठेवली. एवढा मोठा माणूस, कधी कधी तिथं जाऊन एकटा बसायचा. आणि त्या खोलीत भिंतीवर चित्र कसलं, तर...

रेणू : सेम सीन. गुडघ्यावरचे राजे.

सरला : गुडघ्यावरचे राजे. इथवर छान येतं. पुढे मात्र मी अडते. रेणू म्हणते, नातवाच्या हाती बँक गेली ती बुडत चालली. एकेका गावची पेढी बंद पडली. आणि पणतूला लोकांनी पळवून लावलं, वाडा लुटला. आता असं सांगून मी आरतीला कशी वळू?

रेणू : पण पेंटिंग्ज राहिली, आजी. दॅट्स द एंडिंग. बँक गेली, आर्ट राहिली.

सरला : तो तुमच्या म्युझियमचा शेवट झाला, बाळा. कीर्तनाचा नाही. कीर्तनात शेवटी माणूस सुटायला हवा.

विनय : झालं का? मी बोलू आता? आई, मी हात जोडून सांगतो, माझे तरी जोडलेले बघा. आज मध्यंतरात गिरीश जाहीर करणार आहे. रूट नाइनवरचं ते बंद पडलेलं फर्निचरचं दुकान तो मंडळाला घेऊन देतोय. आपली स्वतःची वास्तू. तुम्हाला माहितीये, आपला गणपती वर्षभर कुठे असतो? आमच्या बेसमेंटमध्ये. एका बाजूला बॉयलर, एका बाजूला बर्फ काढायचं यंत्र. दर भाद्रपदात मी त्याला जुन्या रजईत गुंडाळून वर आणतो, दर वेळी वेगळी शाळा, वेगळा कॅफेटेरिया. अथर्वशीर्ष चाललंय आणि वास पिझ्झाचा. मागच्या वर्षी आरतीच्या मध्यात जॅनिटर आला, म्हणाला, धूर बंद करा, अलार्म वाजेल. आम्ही उदबत्ती पाण्यात बुडवली, आई. गणपतीसमोरची उदबत्ती. त्या दिवशी मी ठरवलं, अध्यक्ष आहे तोवर याला घर मिळवून देईन. आणि ते गिरीशच्या एका हो म्हणण्यावर आहे.

सरला : हे तुम्ही मला आधी सांगितलं नव्हतंत.

विनय : सरप्राइज होतं.

सरला : तुमची तळमळ मला दिसते, विनयराव. या गणपतीची सेवा तुम्ही केलीत तशी कुणी करणार नाही. पण मी नारदाच्या गादीवर उभी राहिले की माझं काही माझ्या हातात नसतं. त्या जागी माणसाची स्तुती करायची नाही, हे वडिलांनी मला चिपळ्या हातात देण्याआधी शिकवलं. तुम्ही परवा मला चिठ्ठी दिलीत, पुरस्कर्त्यांची नावं वाचा म्हणून. मी गप्प बसले, ते तुम्ही आधी किंवा नंतर वाचाल असं धरून. पण हा पडदा मला चुकवता येत नाही. कीर्तन संपलं की लोक माझ्या पाया पडायला येतात. माझ्या म्हणजे त्या नारदाच्या, तुम्हाला ठाऊक आहे. त्यांनी वाकून मान वर केली की त्यांना दिसणार काय? माझ्या खांद्यावरून बघणारा हा. हात बांधून. जणू नमस्कार मोजतोय.

रेणू : शी हॅज अ पॉइंट, बाबा. आय मीन, पेंटर म्हणून मी पण तेच म्हणेन. कॉम्पोझिशन चुकलंय.

विनय : तू तरी बाजू घेऊ नकोस कुणाची.

रेणू : मी पेंट केलंय ते. ऑफ कोर्स मी बाजू घेणार.

सरला : मी त्याला काढून टाका म्हणत नाही. हात जोडव त्याचे. बस. तेवढं केलंत की मी उभी राहते आणि पडद्याकडे बघतसुद्धा नाही.

विनय : रेणू, किती वेळ लागेल?

रेणू : हात? दीड तास. अॅक्रिलिक आहे, आईच्या हेअर ड्रायरनं वाळवता येईल. बट ही हॅज टु नो. एवढा फोटो सगळ्यांना पाठवलाय त्याने.

विनय : म्हणजे फोन मी करायचा. गिरीश, तुझ्या हातांत प्रॉब्लेम आहे. गिरीश, माझ्या सासूबाईंना तुझी हनुवटी आवडली नाही. यार, माझ्याच नशिबी का येतं हे दर वर्षी? एक वर्ष मूर्तीचा उंदीर विसरलो, एक वर्ष मोदक कस्टम्सने ठेवून घेतले...

सरला : करा फोन. तो काय तुम्हाला खातो?

विनय : आई, अहो तो रागावला तर वास्तू गेली.

सरला : हात जोडायला सांगितलं म्हणून रागावणार असेल, तर ती वास्तू कुणासाठी होती, हे तरी कळेल.

विनय (फोनवर, पलीकडचं ऐकू येत नाही) : हॅलो, गिरीश... अरे, मीच. मिस्ड कॉल तुझे? बघितलेच नाहीत मी, गॅरेजमध्ये आहे... हो हो, पडदा झाला. मस्त झालाय. फक्त एक छोटीशी गोष्ट होती, हातांबद्दल. सासूबाईंचं म्हणणं पडलं की... काय?... पुसून? कुणाला पुसून?... का रे?... तू आहेस कुठे आत्ता?... ऑफिसात? शनिवारी? मागे आवाज कसला येतोय?... टेबलं कोण नेतंय?... कधी झालं हे?... आणि प्रतिमावहिनींना सांगितलंस?... बरं... बरं... जागेचं राहू दे. अरे, राहू दे म्हटलं ना, माफी कसली मागतोस... बाळ? बाळचं काय?... नाही. मला माहीत नव्हतं. तो तर कालच तालमीला आला होता, रात्री जेवून गेला... हं... हं... नाही, असं नको करूस. गिरीश, फोन ठेवू नकोस. एक मिनिट धर. धर हं.

रेणू : बाबा, बस. त्या खुर्चीवर नको, ओली आहे. इथं बस.

सरला : काय झालं, विनयराव?

विनय : तो म्हणतो, मला पडद्यातून पुसून टाका.

रेणू : व्हॉट?

विनय : ज्या मोठ्या कंपन्यांकडून तो लोकांना कर्जं मिळवून द्यायचा, त्यांनी हात आखडता घेतलाय. ऑगस्टपासून एक फाइल पास नाही. शेवटी काल ऑफिस बंद केलं त्याने. आज टेबलं, खुर्च्या विकून टाकतोय. मला सकाळपासून फोन करत होता आणि मी इथे... रूट नाइनचं काही होणार नाही. जागा नाही, काही नाही.

सरला : आणि बाळचं काय म्हणत होता? आपला तबलजी बाळ?

विनय : बाळ आणि मृणालिनीच्या घराचं कर्ज गिरीशनेच करून दिलेलं. पहिली दोन वर्षं हप्ता हलका, मग वाढत जाणारा. तेव्हा सगळेच तसली कर्जं घेत होते, आई. बाळला वाटलं, तोवर पगार वाढेल. हप्ता वाढला, पगार तिथेच. आता बँकेची नोटीस आलीय, घर जायची वेळ आलीय. आणि बाळ कुणाला बोललाच नाही. काल इथे बसून तुमच्या साकीला ठेका लावत होता, हसत होता. तसे आणखी दोघं-तिघं आहेत म्हणतो गिरीश, आपल्याच मंडळातले. आज सगळे समोर असणार. म्हणाला, बाळ तबल्याला पडद्याच्या बरोबर पुढे बसतो ना? त्याच्या डोक्यावर मी हात बांधून उभा. नको रे, विनय. पांढरा रंग मार. आणि मी येतही नाही म्हणाला.

रेणू : ओ गॉड.

विनय : आणि मी त्याला हात जोड म्हणून सांगायला फोन केला होता.

सरला : तो अजून फोनवर आहे का?

विनय : आहे. धर म्हटलंय.

सरला : द्या इकडे. कुठल्या बाजूनं बोलायचं यात?... हां. गिरीश, मी सरलामावशी बोलतेय, विनयरावांची सासू. ऐकू येतंय ना?... सगळं कळलं मला. आता रडू नकोस, मला नीट ऐकू येत नाही आणि मी काय म्हणते ते तुलाही कळायचं नाही. हे बघ, आज माझी एक पंचाईत झालीय. मध्यंतरात बुक्का लावायला माणूस लागतो. विनयरावांनी ते काम पोरांना दिलंय, आणि पोरं काय करतात, लांबून बोट टेकवतात आणि पळतात. मला मोठा माणूस हवा. लोक सतरंजीवर बसलेले असतात, तेव्हा प्रत्येकापुढे वाकायचं, कपाळाला बोट लावायचं आणि त्याच्याकडे बघायचं. घाई करायची नाही. एकही माणूस सोडायचा नाही... हो, साथीदारांना पण. त्यांना तर आधी. पेटीवाल्याला, टाळकऱ्यांना, तबल्यावर बाळ असेल त्याला... मला माहितीये. माहितीये रे मला. तू त्याला काही बोलायचं नाहीस. त्या वेळी बोलायची पद्धतच नाही. नुसतं वाकायचं... तो लावून घेणार नाही? मग तसाच थांब त्याच्यापुढे वाकून. मी तोवर गजर लांबवते. माझा गजर कितीही लांबतो, विचार तुझ्या मित्राला... नाही, हार तुझ्या हातून नको, भाषण नको, नाव कुणी घेणार नाही. वाटी मात्र तुझ्याच हातात देणार. आणि प्रतिमाला घेऊन ये. तिला घरी एकटी सोडू नकोस आज. कोट घालू नकोस म्हणजे झालं, बुक्का सांडतो त्यावर... ये. ठेवते मी. कसा ठेवायचा हा?

रेणू : दे, आजी. मी करते.

विनय : येतोय?

सरला : येईन म्हणाला नाही. पण सदरा इस्त्रीचा नाही म्हणाला. म्हणजे येतोय.

विनय : मला काय वाटतंय माहितीये? मला राग यायला हवा त्याचा. बाळसाठी तरी. आणि सकाळपासून मी इतका चिडलेलो होतो, पण ज्याच्यावर चिडायचं तो सोडून सगळ्यांवर. तुमच्यावरसुद्धा.

सरला : चिडा की. चिडायला कुणाची हरकत नाही. तो बुक्का लावायला तुमच्यापुढेही येईल, तेव्हा बघा राहतो का राग. राहिला तर राहिला. खोटी क्षमा करू नका, ती बघवत नाही.

विनय : आणि बाळ?

सरला : बाळचं घर वाचवायला मला येत नाही, तुम्हालाही येत नसेल. पण आता तो गप्प बसणार नाही एवढं करा. उद्या त्याला घेऊन बसा, मंडळात कुणी वकील असेल, कुणी बँकेतलं असेल, त्यांना बोलवा. एवढी माणसं आहेत तुमच्याकडे, शिऱ्यात साखर किती घालायची यावर चार बैठका होतात. एक बैठक त्याच्यासाठी घ्या.

विनय : घेतो. आणि कमिटीला आज काय सांगू? मध्यंतरात अनाउन्समेंट आहे म्हणून सगळ्यांना सांगून बसलोय.

सरला : सांगा, गणपती यंदाही आमच्याच तळघरात मुक्कामाला आहे. त्याची तक्रार नाही. बॉयलरशेजारी त्याला थंडीत ऊब असते.

विनय : आई, कृपा करून ते सावकाराचं आख्यान तरी आता...

सरला : आता तर तेच. मघापर्यंत मला त्याचा शेवट सापडत नव्हता.

रेणू : म्हणजे आता सापडला?

सरला : बघू. बुक्क्याची वाटी फिरून माझ्यापर्यंत आली की कळेल. आता तू हे हातातलं सोड आणि ब्रश घे. पांढरा रंग नको हं. त्याला पुसायचं नाही.

रेणू : मग हात जोडू?

सरला : हात नको. आता नुसत्या हातांनी भागायचं नाही. बसव त्याला.

रेणू : बसव म्हणजे?

सरला : गुडघ्यावर. तुझ्या त्या म्हाताऱ्या राजासारखा. पाठ आपल्याकडे, तोंड गणपतीकडे.

विनय : पाठमोरा? मग लोकांना कळणार कसं कोण आहे ते?

सरला : लोकांना कळवायचं काम कुणी दिलंय आपल्याला?

रेणू : दॅट्स ईझिअर, अॅक्च्युअली. चेहराच नको. कोटाऐवजी सदरा. बाबा, हेअर ड्रायर आण वरून, आईच्या बाथरूममध्ये आहे. आणि एक्स्टेन्शन कॉर्ड. आणि इथे उभा राहून सुस्कारे टाकू नकोस, रंगावर धूळ उडते.

विनय : आणतो. आणखी काही हुकूम?

रेणू : धरून उभा राहा फक्त. मी सांगेन तिथे. आजी, एक सांग. मागून डोकंच दिसणार मोठं. ब्रोशरमधले केस ठेवू, की टक्कल काढू?

सरला : टक्कलच काढ, बाई. गणपतीला वरून तेच दिसतंय.